कोळकांद्याची तीन नावं

या महिन्याच्या टपालातली जवळजवळ सगळी पत्रं कांद्यांची निघाली. दिवसच तसे आहेत. वैशाखात सड्यावर, म्हणजे जांभ्याच्या उघड्या पठारावर, गवताची एक काडी हिरवी नसते तेव्हा कोळकांद्याचा दांडा वर येतो. मग मिरगाचा पाऊस पडून चार दिवस होतात न होतात तोच कातळाच्या भेगांतून, गडग्याच्या कडेनं, अगदी तुळशीच्या कुंडीतूनही कांद्याच्या पातीसारखं काहीतरी डोकं काढतं. येणारा जाणारा थांबतो आणि विचारतो, हे काय? मी रत्नागिरीत एकतीस वर्षं वनस्पतिशास्त्र शिकवलं, आणि या प्रश्नावर वर्गातही सर्वांत जास्त वेळ जायचा. म्हणून या वेळी सदराची जागा कांद्यांनाच दिली आहे.

राजापूरहून एक वाचक लिहितात: बाई, आमच्या घरामागच्या सड्यावर कोळकांदा भरपूर आहे. पायाला कुरूप झालं की आजी त्याचा तुकडा भाजून बांधायची. मी त्याचं शास्त्रीय नाव शोधायला गेलो तर वडिलांच्या जुन्या पुस्तकात अर्जीनिया इंडिका, रानफुलांच्या नव्या पुस्तकात ड्रिमिया इंडिका आणि तिसरीकडे सिला इंडिका. ही तीन झाडं आहेत की एकच? आणि एकच असेल तर शास्त्रज्ञांना एक नाव धड का ठरवता येत नाही?

झाड एकच आहे. तिन्ही पुस्तकं आपापल्या काळात बरोबर होती.

आपल्याकडे लग्नानंतर बाईचं आडनाव बदलतं, पण ओळखणारे विचारतात, ‘माहेरची कुठली?’ झाडाच्या नावाचंही तसंच आहे. दोन शब्दांतला पहिला शब्द प्रजातीचा, म्हणजे घराण्याचा. दुसरा त्या जातीचा स्वतःचा. कोळकांद्याचं स्वतःचं नाव ‘इंडिका’ हे पहिल्यापासून आजपर्यंत तेच आहे. बदललं ते घराणं.

विल्यम रॉक्सबर्ग हा कलकत्त्याच्या वनस्पती उद्यानाचा प्रमुख होता. तो १८१५ साली वारला. त्याचं हस्तलिखित पुढे ‘फ्लोरा इंडिका’ म्हणून १८३२ साली छापून आलं, आणि त्यात या झाडाचं नाव होतं सिला इंडिका. सिला ही प्रजाती लिनियस या स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञानं १७५३ सालीच केलेली होती. भूमध्य समुद्राच्या काठावर कोळकांद्याचा सख्खा भाऊ शोभेल असा एक मोठा कांदा होतो, त्यालाही लिनियसनं सिलामध्येच घातलं होतं. पण बिया हातात घेऊन पाहिल्या की शंका येते. कोळकांद्याचं बोंड फुटलं की आतून काळ्या, चपट्या, कागदासारखी कड असलेल्या बिया वाऱ्यावर उडतात. खऱ्या सिलाच्या बिया अशा नसतात. या चपट्या बियांच्या कांद्यांसाठी १८३४ साली स्टाइनहाइल नावाच्या फ्रेंच अभ्यासकानं अर्जीनिया ही वेगळी प्रजाती केली. अल्जीरियातल्या बेनी अर्जिन या टोळीवरून ते नाव आलं. १८४३ साली कुंथ या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञानं आपला कोळकांदा तिकडे हलवला.

सव्वाशेहून जास्त वर्षं तो अर्जीनियाच होता. मी कॉलेजात शिकले तेव्हाही तोच, आणि मी स्वतः शिकवायला लागल्यावरही कितीतरी वर्षं फळ्यावर तेच नाव लिहिलं. पण आफ्रिकेत या गोतावळ्याच्या पुष्कळ जाती आहेत. तिथल्या अभ्यासकांच्या लक्षात आलं की अर्जीनिया आणि ड्रिमिया यांच्यामध्ये घातलेला बांध जमिनीवर कुठे दिसतच नाही. मधल्या जाती इकडेही बसतात आणि तिकडेही. दोन प्रजाती एकत्र करायच्या झाल्या तर जुनं नाव टिकतं, असा नियम आहे. ड्रिमिया हे नाव १७९९ सालचं, अर्जीनिया १८३४ चं. म्हणून १९७७ साली जेसप या वनस्पतिशास्त्रज्ञानं ड्रिमिया इंडिका असं नाव केलं. ड्रिमिया हा शब्द ग्रीकमधला, अर्थ झोंबरा, तिखट. हा कांदा ज्यानं उघड्या हातानं कापला आहे त्याला हे नाव पटेल. त्याच्या रसात सुईसारखे बारीक स्फटिक असतात, हाताची आग होते.

आता नव्या पुस्तकात त्या नावापुढे काय लिहिलंय ते बघा: ड्रिमिया इंडिका (रॉक्सबर्ग) जेसप. कंसातला माणूस माहेरचा, ज्यानं पहिल्यांदा नाव ठेवलं. कंसाबाहेरचा त्याला आजच्या घरी घेऊन आला. पुष्कळ जण ही शेपटी सोडून देतात. सोडू नका. तिच्या धाग्यानं तुम्ही १९७७ पासून १८३२ पर्यंत मागे जाऊ शकता, आणि अशा जुन्या शास्त्रीय नावानं एकदा एक जीव वाचलेला मी पाहिला आहे.

तीसेक वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या गावाजवळच्या चिरेखाणीवर घाटावरून एक कुटुंब कामाला आलं होतं. त्यांच्या गावाकडे हा कांदा नसावा. खाणीच्या कडेला माती उकरताना हाताच्या मुठीपेक्षा मोठे पांढरे कांदे निघाले, ते त्यांनी कालवणात घातले. कडू लागलं म्हणून मुलांनी ताट सरकवलं, पण बाप्यानं खाल्लं. तासाभरात उलट्या सुरू झाल्या. दवाखान्यातले डॉक्टर नुकतेच बदलून आलेले, लांबच्या जिल्ह्यातले. वाडीतल्या सगळ्यांनी एका सुरात सांगितलं, कोळकांदा खाल्ला. डॉक्टरांना ते नाव माहीत नव्हतं. मला बोलावलं. मी कांदा पाहिला आणि कागदावर लिहून दिलं: अर्जीनिया इंडिका. त्यांनी औषधशास्त्राचं पुस्तक काढलं, पान उलटलं, आणि मला ते पान दाखवलं. डिजिटॅलिसच्या शेजारी, हृदयावर काम करणाऱ्या द्रव्यांत तो होता. त्यांनी लगेच नाडी मोजायला घेतली, ती संथ आणि चुकत चालली होती. माणसाला जिल्ह्याच्या ठिकाणी हलवलं, हृदयाचा आलेख काढला, आणि तो वाचला.

‘कोळकांदा’ हा शब्द वाडीत पुरेसा होता. दवाखान्यात पुरला नाही. आणि त्या दिवशी मी ड्रिमिया लिहिलं असतं तर डॉक्टरांच्या जुन्या पुस्तकात तेही सापडलं नसतं. म्हणून तुम्हाला सांगते, वहीत तिन्ही नावं लिहा, आणि त्यांच्याही वर कोळकांदा लिहा.

कुरूपाबद्दल: आजींनी बांधला, त्यांना गुण आला असेल. पण कातडी फुटलेली असताना हा कांदा बांधणं मला धोक्याचं वाटतं, मधुमेह असेल तर मुळीच नको. यातल्या द्रव्यांच्या जोरावरच भूमध्य समुद्राकाठच्या त्या भावाच्या लाल जातीपासून उंदीर मारायचं औषध करत असत. उंदराला उलटी करता येत नाही, म्हणून तो मरतो.

दापोलीहून एक वाचक: आमच्याकडे पावसाच्या सुरुवातीला फोडशीची भाजी करतात. कोळकांद्याची पातही त्याच दिवसांत येते. बाजारातून घेतली तर ठीक, पण रानातून आणताना फसायला होईल का?

होईल, आणि तुम्ही विचारलंत हे फार चांगलं केलंत. खूण अगदी साधी आहे, पण तिच्यासाठी एक झाड मुळासकट उपटावं लागतं. फोडशीला कांदा नसतो. खाली जाड, मांसल मुळांचा झुबका असतो. कोळकांद्याखाली पापुद्र्यांचा कांदा असतो, कधी नारळाच्या नरोटीएवढा. नुसती पात कापून आणणारा फसतो. एक झाड उपटून बघणारा फसत नाही. उपटलेलं झाड परत लावा, ते लागतं.

फोडशीची प्रजाती क्लोरोफायटम. सफेद मुसळी ही याच प्रजातीतली. तिचं जातिनाव आहे ‘बोरिविलियानम’. आपल्या मुंबईच्या बोरिवलीचं नाव लॅटिन शेपटी लावून जगभरच्या पुस्तकांत गेलं आहे.

चिपळूणहून एक वाचक: माझी मुलगी ऑकलंडला असते. तिच्या घरामागच्या उतारावर कांद्यासारखं तण माजलं आहे. तिकडचे लोक त्याला ‘अनियन वीड’ म्हणतात आणि ती त्याची पात कोशिंबिरीत घालते. माझी जाऊ सिडनीला असते. तिच्या बागेतही ‘अनियन वीड’ आहे. ती म्हणते, त्याला वाससुद्धा नाही, मुळीच खाऊ नकोस. दोघींची फोनवर वादावादी झाली. खरं कोणाचं?

ताई, दोघींचंही. फक्त त्या दोन वेगळ्या झाडांबद्दल बोलत आहेत.

न्यूझीलंडमध्ये ज्याला अनियन वीड म्हणतात ते बहुधा ॲलियम ट्रायक्वेट्रम. आपला कांदा ॲलियम सेपा आणि लसूण ॲलियम सटायव्हम, म्हणजे ते खरोखर कांद्याच्या घरातलं आहे. मूळ पश्चिम भूमध्य प्रदेशातलं. मुलीला सांगा, फुलाचा दांडा दोन बोटांत धरून फिरव. तीन धारा लागतील. ‘ट्रायक्वेट्रम’ म्हणजे तिधारी, लिनियसनं १७५३ साली याच खुणेवरून नाव ठेवलं. फुलं पांढरी, घंटेसारखी खाली लोंबणारी, प्रत्येक पाकळीवर एक हिरवी रेघ. पात चुरडली की हाताला कांद्याचा दणकून वास. हे खाल्लं तर चालतं.

सिडनीकडे याच नावाखाली बहुतेक वेळा नोथोस्कॉर्डम येतं. हे दक्षिण अमेरिकेतलं. फुलं उभी असतात, लोंबत नाहीत. पानं चपटी. आणि उपटायला गेलं की मुख्य कांद्याभोवतीच्या तांदळाएवढ्या कांद्या मातीत गळून पडतात, पुढच्या वर्षी एकाची वीस झाडं होतात. म्हणून ते तण इतकं चिवट. पात चुरडली तरी कांद्याचा वास येत नाही. जाऊबाई बरोबर सांगतात, ते खाऊ नये.

हे नाव ठेवलं कुंथनं, १८४३ साली. म्हणजे आपल्या कोळकांद्याला अर्जीनियात नेणाऱ्या माणसानंच, आणि त्याच वर्षी. ग्रीकमध्ये नोथोस म्हणजे खोटा, अनौरस, आणि स्कॉर्डन म्हणजे लसूण. खोटा लसूण. या बिचाऱ्याच्या जातिनावाचा घोळ मात्र मोठा आहे. बागांमधल्या याच तणाला पुस्तकांत कुठे इनोडोरम म्हटलंय, म्हणजे गंधहीन, आणि कुठे फ्रॅग्रन्स, म्हणजे सुगंधी! नाव ठेवणाऱ्या एकानं पात चुरडली असावी आणि दुसऱ्यानं फूल हुंगलं असावं, कारण पातीला वास नसला तरी फुलाला गोड वास असतो. तिसरं नाव ग्रॅसिली, सडपातळ. चौथं बोर्बोनिकम, म्हणजे बोर्बोन बेटाचं, आजच्या रीयुनियनचं. पण मूळ झाड तिथलं नाहीच. मग ते नाव रद्द का करत नाहीत, असं मला विद्यार्थी नेहमी विचारायचे. नियम असा आहे की अर्थ जुळत नाही एवढ्याच कारणानं नाव टाकून देता येत नाही. मला हा नियम शहाणपणाचा वाटतो. नाव म्हणजे वर्णन नव्हे. गोरी नसलेल्या गौरीचं नाव आपणही बदलत नाही.

आणखी एक तिसरं ‘अनियन वीड’ ऑस्ट्रेलियाच्या कोरड्या दक्षिण भागात आहे: ॲस्फोडेलस फिस्टुलोसस. पानं कांद्यासारखी पोकळ, पण खाली कांदाच नाही. त्याचा जवळचा नातेवाईक आपल्या उत्तर भारतात गहू आणि हरभऱ्याच्या शेतात तण म्हणून येतो, तिकडे त्याला प्याजी म्हणतात. तेव्हा यापुढे फोनवर बोलताना दोघींनी फुलाचा फोटो आधी पाठवावा.

वासाची परीक्षा कशी करायची तेही सांगते, कारण ती स्वयंपाकघरात रोज होत असते. अख्ख्या कांद्याला फारसा वास नसतो. सुरी लागली, पेशी फुटल्या, की एका कप्प्यातलं विकर (एन्झाइम) दुसऱ्या कप्प्यातल्या गंधकयुक्त द्रव्याला भेटतं आणि त्या क्षणी वास तयार होतो. कांदा आणि लसणाच्या प्रजातीची ही खास खूण. म्हणून पात नुसती हुंगू नका, चुरडून हुंगा. आधी हात धुवा, सकाळी कांदा चिरला असेल तर तुमच्याच बोटांना वास असतो. आणि ही परीक्षा एकाच बाजूनं चालते: वास नसेल तर खायचं नाही हे नक्की. वास आला म्हणून लगेच तोंडात घालायचं, असा त्याचा अर्थ नाही. फूल बघूनच ठरवायचं.

अलिबागहून एक शेतकरी: आमच्या पांढऱ्या कांद्याच्या वाफ्यात कांद्याच्याच रोपासारखं तण येतं, खाली गाठही असते. बेणणी करून कंटाळलो. हा रानकांदा आहे का?

दादा, तुम्ही पाठवलेली मुळं पाहिली. हा लव्हाळा आहे, सायपेरस रोटुंडस. कांद्याच्या नात्यातला नाही. दांडा चिमटीत फिरवा, तीन धारा लागतील. (वरच्या पत्रातल्या ऑकलंडच्या कांद्यालाही तीन धारा आहेत, म्हणून एकाच खुणेवर कधी थांबू नये.) कांद्याची पात गोल आणि पोकळ, लव्हाळ्याचं पान चपटं आणि भरीव. खालची गाठ कापली तर आत कांद्यासारखे पापुद्रे दिसत नाहीत. आत घट्ट पांढरा गर असतो आणि त्याला नागरमोथ्याचा वास येतो. आयुर्वेदातली मुस्ता ती हीच.

पुरात लव्हाळा वाचतो हे आपण लहानपणापासून ऐकतो. खुरप्यातूनही तो वाचतो. गाठी जमिनीखाली माळेसारख्या एकमेकींना जोडलेल्या असतात. टोकाची गाठ फुटलेली असते तोवर मागच्या झोपून राहतात. खुरप्यानं माळ तुटली की प्रत्येक गाठ मोकळी होते आणि उगवते. म्हणून बेणणीनंतर तो जास्त आल्यासारखा वाटतो, आणि खरोखर जास्तच आलेला असतो. जगातलं सगळ्यांत त्रासदायक तण म्हणून १९७७ साली तणांच्या जागतिक पाहणीत याचाच पहिला नंबर लागला होता, तेव्हा तुम्ही एकटे कंटाळलेले नाही. गाठीला उन्हात वाळणं सोसत नाही. कांदा काढून माळा बांधून झाल्या की फाल्गुन-चैत्रात जमीन खोल नांगरून गाठी वर येऊ द्या, कडक उन्हात खडखडीत वाळू द्या, आणि वाळलेल्या वेचून बांधाबाहेर न्या. एका वर्षात संपणार नाही. तीन वर्षं न चुकता केलंत तर फरक दिसेल.

रत्नागिरीहून एक विद्यार्थिनी: बाई, शाळेत कांद्याचं कुळ लिलिएसी शिकले. आता कॉलेजात ॲमरिलिडेसी सांगतात. परीक्षेत काय लिहू?

तुझी प्रश्नपत्रिका ज्या पद्धतीवर आहे ते लिही, आणि कंसात पद्धतीचं नाव लिही, गुण जाणार नाहीत. बेंथम आणि हूकर यांच्या पद्धतीत लिलिएसी. डीएनएवर आधारलेल्या, २००९ सालच्या एपीजी तीन या पद्धतीत ॲमरिलिडेसी.

पण तू कारण विचारलं नाहीस, ते मी सांगते, कारण ते सुंदर आहे. जुन्या पद्धतीत बीजाशयाची, म्हणजे फुलातल्या बिया धरणाऱ्या भागाची, जागा बघायचे. पाकळ्यांच्या वर असेल तर लिली, खाली असेल तर ॲमरिलिस. कांद्याचं बीजाशय वर, म्हणून तो लिलीत गेला. १९३४ साली हचिन्सन या ब्रिटिश वनस्पतिशास्त्रज्ञानं म्हटलं, बीजाशय राहू द्या, फुलोरा बघा. कांद्याला निष्पर्ण दांडा असतो, टोकाला एका पातळ पापुद्र्याच्या पिशवीत सगळ्या कळ्या असतात आणि पिशवी फाटली की छत्रीसारखा गुच्छ उघडतो. अगदी असाच फुलोरा गडंबीकांद्याला, नागदवण्याला असतो. पुष्कळांनी त्याचं मानलं नाही. साठेक वर्षांनी डीएनए वाचता आला आणि त्यानंही कांदा नागदवण्याजवळच नेऊन बसवला. भिंग आणि चिकाटी एवढ्यावर त्यानं ते ओळखलं होतं.

आणि कोळकांदा? तो लिलीतून निघाला आणि शतावरीच्या कुळात, ॲस्परॅगेसीत, गेला. म्हणजे ज्याला आपण रानकांदा म्हणतो तो कांद्यापासून लांब, आणि फुलबागेतला नागदवणा कांद्याच्या जवळचा. पण जवळचा म्हणून नागदवण्याचा कांदा कोणी चाखू नये, त्यातल्या लायकोरीन या विषारी द्रव्यानं उलट्या होतात. ‘कांदा’ हा आपला शब्द आकार सांगतो. नातं सांगायला फूल लागतं, आणि खाण्याजोगं आहे का हे त्या दोघांनाही माहीत नसतं, ते तिसरीकडून शिकावं लागतं.

लांज्याहून एक शिक्षक: आमच्या सड्यावर पावसाच्या सुरुवातीला पांढरी दीपकाडी फुलते. मुलांना मी सांगतो की दिव्याच्या काडीसारखी दिसते म्हणून हे नाव. बरोबर आहे ना?

गुरुजी, दिसते तशीच, आणि मुलांना हे सांगताना त्यांच्या डोळ्यांपुढे फूल उभं राहतं. पण नावाचा प्रवास उलटा झाला आहे. या प्रजातीचं लॅटिन नाव डिपकॅडी, १७९० साली मेडिकसनं केलेलं. हा शब्द त्याच्याही आधी युरोपातल्या जुन्या वनौषधी ग्रंथांत मस्कारी नावाच्या निळ्या फुलाच्या कांद्यासाठी वापरात होता. तिथून तो पुस्तकांतून आपल्याकडे आला आणि मराठी कानानं त्यात दीप आणि काडी ऐकली. शब्द इतका चपखल बसला की आता तो आपलाच झाला आहे. मुलांना दोन्ही गोष्टी सांगा.

तुमच्या सड्यावरची बहुधा डिपकॅडी कोंकनेन्से. ‘कोंकनेन्से’ म्हणजे कोकणातली. एकोणिसाव्या शतकात मुंबई इलाख्याच्या वनखात्यात असलेल्या डाल्झेलनं तिला हे नाव दिलं, आधी युरोपेटॅलम या प्रजातीत, आणि पुढे बेकरनं ती डिपकॅडीत आणली. कंसातलं नाव पाहिलंत तर डाल्झेल तिथे सापडेल. रत्नागिरीपासून गोव्यापर्यंतच्या जांभ्याच्या सड्यांवरच ही वाढते. चार बोटं मातीत, कातळाच्या खळग्यात हिचा लहानसा कांदा वर्षातले बरेच महिने कोरडा पडून असतो. आपण त्याच सड्यावर सुरुंग लावतो, चिरे काढतो, भर घालून कलमं लावतो. माझ्या लहानपणी आमच्या घरामागे आषाढात सडा पांढरा व्हायचा. आज तिथे चिरेखाणीचं तळं आहे. तुम्ही शिक्षक आहात म्हणून कळकळीनं विनवते: मुलांना घेऊन जा, किती फुलली ते मोजा, तारीख लिहा, आणि दरवर्षी मोजा. फूल तोडू नका, बी धरू द्या.

मालवणहून एक वाचक: आधी पाठवलेल्या कांद्याचं नाव तुम्ही कळवलं नाहीत.

माफ करा, पाकीट उघडलं तेव्हा कांदा कुजून त्याचं पाणी झालं होतं. प्लास्टिकच्या पिशवीत कांदा टिकत नाही. वर्तमानपत्रात गुंडाळून पाठवा. आणि नुसत्या पानांवरून मलाच काय, कोणालाही हे कांदे नेमके ओळखता येत नाहीत. फुलाची वाट बघा. फूल आलं की एक फोटो समोरून, एक बाजूनं, एक उभ्या चिरलेल्या फुलाचा काढा, म्हणजे बीजाशय कुठे आहे ते दिसेल. कांदा उभा चिरून त्याचाही काढा, हातात पिशवी घालून. जागा लिहा: सडा की खाडीची कड, माती की वाळू. पान आधी आलं की फूल आधी, हे तर नक्की लिहा. तुमच्या आवाठात त्याला काय म्हणतात तेही लिहा. कोणी काहीच म्हणत नसेल तर तसं लिहा. पत्र आलं की पहिल्या टपालानं उत्तर देईन.